वेरोनिकाचं कापड

पेन्याल्बा, ९ फेब्रुवारी १९९९

माराविल्यास,

पार्सल काल पोचलं. पोच म्हणून हे पत्र इथेच संपवता आलं असतं, पण मला तुला विचारायचं आहे, आत जे आहे ते नक्की काय आहे?

मी ते जेवणाच्या टेबलावर पसरलं, चष्मा पुसला आणि पुन्हा पाहिलं. कापड चांगलं आहे, जाड विणीचं सुती. त्याच्या मधोमध एक पसरट तपकिरी डाग. दोन्ही कडांना आणखी एकेक डाग, मधल्याशी भांडण करून लांब जाऊन बसल्यासारखे. वरच्या बाजूला काहीतरी खरवडल्यासारखं. वरची बाजू कुठली हेही माझं मीच ठरवलं, कारण सांगायला सहीसुद्धा नाही. आणि चेहरा नाही.

माद्रिदमध्ये राहून या गोष्टींचा विसर पडत असेल, म्हणून सांगते. क्रूस वाहून नेणाऱ्या येशूचं रक्ता-घामाने माखलेलं तोंड वेरोनिकाने आपल्या कापडाने पुसलं आणि त्या कापडावर त्याचा चेहरा उमटला. आमच्या चर्चच्या मंडळाची वेरोनिकाची लाकडी मूर्ती दर वर्षी ईस्टरच्या आधीच्या पवित्र बुधवारी मिरवणुकीने गावातून निघते. तिच्या हातात दर वर्षी नवं कापड असतं आणि त्यावर नव्याने रंगवलेला चेहरा. इतकी वर्षं ते काम एलिओदोरो करत आला, जो एरवी दुकानांच्या पाट्या रंगवतो. त्याचा येशू एका वर्षी पोस्टमास्तरासारखा दिसतो, एका वर्षी हाएनच्या फुटबॉल संघाच्या गोलकीपरसारखा. पण दोन डोळे आणि एक नाक यांत त्याने कधी कसूर केली नाही.

यंदाचं कापड गास्पारला द्या, असं मी मंडळात म्हटलं. माझा भाऊ एवढा मोठा चित्रकार, पॅरिसमध्ये नाव, व्हेनिसमध्ये पारितोषिक, आणि त्याच्या स्वतःच्या गावात त्याचं एक चित्र नाही, हे मला सहन होत नव्हतं. मंडळाचे प्रमुख सेवेरो कोबो तयार नव्हते. म्हणाले, बाई, तुमच्या भावाने आयुष्यात पोती आणि डांबर सोडून काही रंगवलं नाही, उगाच हसं होईल. मी सर्वांसमोर शब्द दिला की चेहरा असेल. या गावाला मी चाळीस वर्षं गणित आणि भूगोल शिकवला आहे, सेवेरोला दोनदा नापास केलं आहे. माझ्या शब्दावर त्यांनी होकार दिला.

मग मी गास्पारला फोन केला. तो हो म्हणाला आणि हसला. ते हसणं आता माझ्या डोक्यातून जात नाही. एकोणिसाव्या वर्षी तो गाव सोडून गेला, पुढे कुठल्याशा मासिकात आमच्या देवांना मेणाच्या बाहुल्या म्हणाला, ते मी विसरले नाही. मरता मरता त्याने आमची थट्टा केली का? तू त्याची बायको, तुला ठाऊक असेल तर सांग. मिरवणुकीच्या पाच दिवस आधी, झावळ्यांच्या रविवारच्या आधीच्या शुक्रवारी, कापड मंडळापुढे उघडायचं आहे.

तिस्कार

*

माद्रिद, १६ फेब्रुवारी १९९९

प्रिय तिस्कारताई,

तुमचं पत्र वाचून वाईट वाटलं, आश्चर्य मात्र वाटलं नाही. गास्पारच्या कामापुढे पहिल्यांदा उभं राहणाऱ्या प्रत्येकाचं असंच होतं. आधी पोती, मग डांबर, मग वाळू, मग नुसत्या भेगा. दर दहा वर्षांनी तो एकेक गोष्ट टाकून देत गेला. हे कापड म्हणजे त्या सगळ्या प्रवासाचं टोक आहे. त्यात आता फक्त खूण उरली आहे. तो थट्टा करत नव्हता, एवढं माझ्यावर विश्वास ठेवून मान्य करा.

तरीही माझी एक विनंती आहे. हे कापड मिरवणुकीत नेऊ नका. मेणबत्त्यांचा धूर, धूळ, गर्दी, यांत ते टिकणार नाही. ते मला परत पाठवा. त्याच्या बदल्यात मी त्याचं विद्यार्थीदशेतलं एक रेखाचित्र पाठवते. येशूचंच आहे, डोळे आहेत, सगळं आहे. मंडळाला ते आवडेल.

वरची बाजू कुठली, हे तुम्हीच ठरवलंत असं लिहिलंत. मला आता नक्की आठवत नाही.

तुमची,
माराविल्यास

*

पेन्याल्बा, २४ फेब्रुवारी १९९९

माराविल्यास,

तुझं पत्र तीनदा वाचलं. पहिल्या परिच्छेदात ते कापड म्हणजे माझ्या भावाच्या आयुष्याचं टोक आहे आणि दुसऱ्यात ते कुणाला दाखवू नका. शाळेत कुणी असं उत्तर लिहिलं असतं तर मी दोन्ही वाक्यांखाली लाल रेघ मारली असती. आणि चौतीस वर्षं त्याच्याबरोबर संसार केलेल्या बाईला त्याच्या शेवटच्या चित्राची वरची बाजू आठवत नाही?

मला चित्रातलं कळत नाही, हे मी आधीच कबूल करते. माद्रिदच्या त्या पहिल्या प्रदर्शनात दमून मी एका दाराला टेकले तेव्हा रखवालदार धावत आला, कारण ते दार नव्हतं, चित्र होतं. गास्पार पोट धरून हसला होता. पण त्या दारापुढे उभं राहिलं तर निदान मनात काहीतरी हलायचं. या कापडापुढे मी रोज उभी राहते आणि फक्त डोकं दुखतं.

शेवटी मी ते मंडळातल्या बायकांना दाखवलं. त्या वेरोनिकाला कपडे घालतात, तिचे पडदे धुतात, त्यांना कापडातलं कळतं. त्यांनी ते उभं धरलं, आडवं धरलं, उलटं केलं. खाटकाची बायको म्हणाली तळलेलं अंडं आहे. लोरेंसा म्हणाली पोर्तुगालचा नकाशा. त्यांतली सगळ्यात म्हातारी मला हळूच म्हणाली, "बाई, तुमच्या भावाचा आमच्यावर राग होता का हो?" मी कापडाची घडी घातली.

संध्याकाळपर्यंत अंड्याची गोष्ट तेलाच्या घाण्यावर पोचली होती. सेवेरो मला रस्त्यात भेटले. त्यांनी टोपी काढली, तीही नको तितक्या अदबीने. एलिओदोरोने नवं कापड विकत घेतलंय असं कळलं.

एक गोष्ट मी केली, ती सांगून ठेवते. खरवडलेल्या भागात रंगाबरोबर दोन-तीन पांढरे केस चिकटले होते. ब्रशचेच असणार. निदान नीटनेटकं तरी दिसावं म्हणून मी ते चिमट्याने काढून टाकले.

रेखाचित्र नको. मी शब्द दिला होता तो या कापडाबद्दल. त्याबद्दल मला खरं काय ते हवं आहे.

तिस्कार

*

माद्रिद, २ मार्च १९९९

तिस्कारताई,

ते केस कुठे टाकलेत? शोधता आले तर कृपा करून शोधा, आणि आता कापडाला हात लावू नका, कुणाला लावू देऊ नका.

आणखी एक. गास्पारच्या नावाने जो न्यास आहे त्याचे जाणकार, उर्बिना, त्याच्या सगळ्या कामाची सूची तयार करत आहेत. या कापडाबद्दल त्यांना कुठून तरी कळलं. ते पेन्याल्ब्याला येणार आहेत. ते विद्वान आहेत आणि सज्जनही, पण त्यांना फार काही सांगू नका. गास्पारने पाठवलं, एवढंच सांगा. त्यांनी काही विचारलं तर मला विचारा म्हणा.

मी कोड्यात बोलते आहे हे मला कळतं. रागावू नका.

माराविल्यास

*

पेन्याल्बा, १२ मार्च १९९९

माराविल्यास,

केस शेकोटीत गेले. रोजचा कचरा जातो तिथेच. ब्रशच्या केसांसाठी एखाद्या बाईचं अक्षर असं थरथरतं का, हे मी आठवडाभर स्वतःला विचारते आहे.

उर्बिना येऊन गेले. माणूस सभ्य आहे. मी केलेलं चण्याचं आणि खाऱ्या माशाचं कालवण दोनदा वाढून घेतलं आणि हात धुऊन मगच कापडाकडे वळले. भिंग लावून बराच वेळ पाहिलं, मागून दिवा धरून पाहिलं, वास घेतला. मी त्यांना कॉफी दिली तेव्हा त्यांनी आधी माझी माफी मागितली. म्हणाले, यात ब्रशचा एकही फटकारा नाही, सुरीचा नाही, बोटाचासुद्धा नाही. गास्पार लेंदिनेसचा हात मी कुठेही ओळखतो, या कापडावर तो नाही.

हे त्यांनी मला एकटीला सांगितलं असतं तर मी पचवलं असतं. पण दारात सेवेरो उभे होते, आणि त्यांनीही ऐकलं.

आता गावात दोन पक्ष आहेत. एक म्हणतो, गास्पारने आमची थट्टा केली. दुसरा म्हणतो, गास्पारला वेळच मिळाला नाही आणि त्याच्या बायकोने स्वयंपाकघरातलं फडकं त्याच्या नावावर खपवलं. मी कुठल्या पक्षात बसू ते तू सांग. थट्टा म्हटलं तर मी भाऊ घालवते, फडकं म्हटलं तर तुला. आणि दोन्ही खोटं म्हटलं तर माझ्याकडे खरं म्हणून सांगायला काही नाही.

सेवेरोंनी कापड उघडायच्या शुक्रवारपर्यंत मुदत दिली आहे. नाहीतर एलिओदोरोचं कापड. त्याचं तयार आहे, मी पाहिलं. यंदाचा येशू जरा सेवेरोंसारखाच दिसतो.

पूर्वी मला तुझ्याशी नीट वागता आलं नसेल. तू सिगारेट ओढायचीस, चर्चमध्ये लग्न केलं नाहीस, यावरून मी पुष्कळ बोलले. पण खोटारडी मी तुला कधी म्हटलं नाही, कारण तसं मला कधी वाटलं नाही. त्याच्या शेवटच्या दिवसांत तूच त्याच्याजवळ होतीस. हे कापड कुणी रंगवलं?

तिस्कार

*

माद्रिद, १७ मार्च १९९९

तिस्कारताई,

कुणीही रंगवलं नाही.

उन्हाळ्यात तुमचा फोन आला तेव्हा गास्पार खरोखरच आनंदला होता. तुम्हाला ते हसणं थट्टेचं वाटलं, पण मी शेजारीच बसले होते. फोन ठेवल्यावर त्याने मला विचारलं, तिथे अजून बदामाचं झाड आहे का गं चर्चच्या मागे. मग सप्टेंबरात त्याला झटका आला. तुम्हाला आम्ही सौम्य म्हणून कळवलं, ते त्याच्या सांगण्यावरून. उजवा हात गेला होता. चमचा धरता येत नव्हता. डाव्या हाताने त्याने रोज प्रयत्न केला. कागदावर, फळीवर. मग एका दिवशी सगळे ब्रश खिडकीतून अंगणात फेकले.

ऑक्टोबरच्या अखेरीस त्याला ताप होता. सकाळी घामाने डबडबून उठला, मी टॉवेलने त्याचं तोंड पुसत होते. पुसता पुसता त्याने माझं मनगट पकडलं. मला वाटलं काही दुखतंय. त्याला तेव्हा नीट बोलता येत नव्हतं, शब्द अडखळत यायचे, पण हे वाक्य त्याने एका दमात म्हटलं.

"अगं, वेरोनिकाला कुठे चित्र काढता येत होतं?"

त्याने मला रंगासाठीची भाजलेली तपकिरी माती आणि तेल कालवायला लावलं. ते मी त्याच्या तोंडाला फासलं, दाढीसकट. मग ते कापड. तुमच्या वेरोनिकासाठी त्याने आणवून ठेवलेलं. मी ते त्याच्या तोंडावर ठेवलं आणि तो कापडाखालून ओरडला की दाब, केक आहे का हा जपायला. मी दाबलं. गालांवर, कपाळावर, कानांपर्यंत. त्याने मान झटकली तशी मी घाबरून उचलायला गेले, तर त्याने डाव्या हाताने माझे हात तिथेच धरून ठेवले. काढलं तेव्हा त्याला खोकल्याची उबळ आली आणि बराच वेळ थांबली नाही. पुढच्याच आठवड्यात न्यूमोनिया, त्यातच तो गेला. डॉक्टर म्हणतात याचा त्याच्याशी काही संबंध नाही. मी त्यांना तीनदा विचारलं. प्रत्येक वेळी ते तेच म्हणतात आणि मी घरी येऊन माझे हात बघत बसते.

म्हणून मी गप्प होते. उर्बिनांना कळलं तर ते म्हणतील हे काम विधवेच्या हातचं, आणि नियमाने ते बरोबरच ठरेल. आणि तुम्हाला कळलं तर तुम्ही म्हणाल मी तुमच्या भावाचं तोंड दाबलं. या दोन्ही वाक्यांची मला भीती वाटत होती. मला वाटलं कापड परत आलं की कपाटात ठेवून देईन आणि कुणी काही विचारणार नाही.

तुम्हाला काय म्हणून कळवू, असं मी त्याला विचारलं होतं. तो अडखळत म्हणाला, काही कळवू नकोस. लहानपणी रोज सकाळी तिनेच माझं तोंड धुतलंय, ती ओळखेल.

माराविल्यास

*

पेन्याल्बा, ३ एप्रिल १९९९

प्रिय माराविल्यास,

उत्तराला उशीर झाला. तुझं पत्र आलं त्या दिवशी मी काहीच केलं नाही. शेवटच्या ओळीपुढे मला जाता येईना, आणि शेवटच्या ओळीपुढे पत्रात काही नव्हतंच.

दुसऱ्या दिवशी सकाळी कापड टेबलावर पसरलं. डोळ्यांनी काही जमेना, म्हणून डोळे मिटले आणि त्याचं तोंड धुवायचे तसे दोन्ही हात वर धरले. एक हात हनुवटीखाली, एक कपाळावर. हात खाली आणले तर हनुवटीचा हात कोऱ्या कपाळावर पडला. आम्ही कापड उलटं धरलं होतं. वरच्या बाजूला जे खरवडल्यासारखं होतं ती त्याची दाढी. महिनाभर आम्ही सगळ्यांनी त्याला डोक्यावर उभं करून नावं ठेवली. आणि मी चिमट्याने त्याची दाढी उपटून शेकोटीत टाकली. त्याबद्दल आणखी काही लिहीत नाही.

कापड फिरवलं. तरी चेहरा दिसेना, मग दिसायला लागला, मग पुन्हा गेला. बाजूला पळालेले ते दोन डाग म्हणजे कान. गोल वस्तूवर दाबलेलं कापड सपाट पसरलं की कडेचं सगळं लांब जातं. पृथ्वीचा गोल कागदावर उतरवला की ग्रीनलंड का फुगतं, हे मी चाळीस वर्षं पोरांच्या डोक्यात भरवलं. लोरेंसा नकाशा म्हणाली तेव्हा ती माझ्यापेक्षा जवळ होती, आणि ती भूगोलात कायम काठावर पास.

मग खरा पेच आला. चेहरा आहे, माझा शब्द खरा ठरला, पण चेहरा कुणाचा? वेरोनिकाच्या हातात प्रभूचा चेहरा असतो. गास्पार प्रार्थनेला शेवटचा कधी गेला ते देवालाही आठवत नसेल. अशा माणसाचं तोंड मी पालखीवर चढवू, आणि माझं गाव त्याच्यापुढे क्रूसाची खूण करणार? फादर क्रिसांतोंना विचारावं म्हणून दोनदा त्यांच्या दारापर्यंत गेले. विचारलं तर ते नाही म्हणणार, नाही म्हटल्यावर मला आज्ञा मोडावी लागणार. नाही विचारलं तर मोडायला आज्ञाच नाही. हा हिशोब मला लहानपणी शाळेतल्या नन्सनीच शिकवला, त्यांना तो असा वापरलेला आवडला नसता.

शुक्रवारी मंडळाच्या खोलीत सेवेरोंनी दोन्ही कापडं टेबलावर मांडली होती. मी आपलं कापड फिरवून सरळ केलं आणि म्हटलं, हे असं धरायचं. सेवेरोंनी विचारलं, कशावरून. मी म्हटलं, हा रंगवलेला चेहरा नाही, पुसलेला आहे. गोष्टीत जसं झालं तसं केलंय, नुसता रंगच फासायचा तर एलिओदोरो आहेच. त्यांनी वाकून कापड पाहिलं. मला वाटतं त्यांना काही दिसलं नाही. शेवटी म्हणाले, बाई, जबाबदारी तुमची. मी म्हटलं, माझीच. कुणाचं तोंड पुसलं हे त्यांनी विचारलं नाही, मी सांगितलं नाही. एलिओदोरो रागाने निघून गेला. त्याचं मला वाईट वाटतं, खरंच. यंदा त्याने मेहनत घेतली होती.

बुधवारी मिरवणूक निघाली. मी काळी ओढणी घेऊन मेणबत्ती धरून पालखीच्या मागे होते. वेरोनिका पुढे तोंड करून उभी, त्यामुळे मला कापड दिसत नव्हतं. मला दिसत होती बघणाऱ्यांची तोंडं. पुष्कळांना काही कळलं नाही, ते एकमेकांकडे पाहत होते. कुणीतरी लाज वाटायला हवी असं म्हणालं, मला ऐकू जाईल इतक्या मोठ्याने. खाटकाच्या बायकोने तोंडावर हात ठेवला. चौकात गच्चीवरून दर वर्षी पालखीसाठी स्तोत्र गाणारी तेओदोरा गाण्यासाठी पुढे झाली, कठड्याला धरून उभी राहिली आणि गायलीच नाही. विसरली, घाबरली, की तिला काही दिसलं, ती सांगत नाही. वाहणारे तेवढा वेळ पालखी खांद्यावर घेऊन थांबले, आणि चौक इतका शांत मी आयुष्यात ऐकला नव्हता.

आमच्या घरासमोर पालखी वळली तेव्हा कापड क्षणभर माझ्याकडे आलं. मी गुडघे टेकले आणि प्रार्थना म्हटली. ती प्रभूपुढे म्हटली की गास्पारपुढे, हे मला आज शनिवारपर्यंत कळलेलं नाही. उद्या ईस्टर. कदाचित उद्याही कळणार नाही. रागावण्याची सवय असलेल्या बाईला न कळण्याची सवय व्हायला वेळ लागतो.

उर्बिनांना मी काही लिहिणार नाही. त्यांच्या सूचीत हे कापड नसेल तर सूची एका चित्राने लहान होईल, गास्पार लहान होत नाही. पुढे काय करायचं ते आपण दोघींनी ठरवू, पण त्यासाठी तू इथे ये. बदामाचं झाड आहे. खोली तयार आहे, सिगारेट अंगणात ओढ.

आणि तुझ्या हातांबद्दल. मी ते कापड आता नीट पाहिलंय, आणि ते तोंड तुझ्या आधी कितीतरी वर्षं माझ्या हातात होतं. तू जोरात दाबलं नाहीस. त्याचं नाक लहानपणी खेचराच्या लाथेने मोडलेलं होतं, जोर लावला असतास तर ते हाड कापडावर आलं असतं. ते आलेलं नाही. विहिरीच्या गार पाण्याने मी त्याचं तोंड याच्या दुप्पट जोराने धुवायचे, तो किंचाळायचा, आणि तरी सत्तर वर्षं जगला.

तुझी,
तिस्कार